मरीआईचा गाडा कोणी थांबवला?

गावात पटकी शिरली की जुन्या महाराष्ट्रात पुढचा क्रम ठरलेला असे. पहिले दोन-तीन मृत्यू झाले की गाव गप्प होई. आणखी दोघे गेले की कुणाच्या तरी अंगात येई आणि देवी कोपल्याचे कळे. मग घरटी वर्गणी निघे. लाकडाचा लहानसा गाडा तयार होई. त्यात मरीआईची मूर्ती, हिरवे लुगडे, बांगड्या, लिंबे, कडुनिंबाचा पाला ठेवत. कुठे कोंबडा, कुठे बोकड, ऐपत असलेल्या गावात रेडा कापला जाई. रक्त वेशीवर शिंपडून गाडा वाजतगाजत शिवेबाहेर नेऊन सोडत. शिवेपलीकडे दुसरे गाव असे. सकाळी तिथल्या लोकांना गाडा दिसला की त्यांच्या पोटात गोळा येई. तेही वर्गणी काढत, बळी देत आणि गाडा आणखी पुढच्या शिवेवर ढकलत.

आज पटकीसाठी रेडा कापल्याचे ऐकू येत नाही. मरीआईची देवळे आहेत, आषाढातली पूजा आहे, जत्रा आहेत. पण साथ घालवण्यासाठी रक्त देण्याची निकड मात्र गेली. ती कोणी घालवली, हा प्रश्न इतिहासापुरता नाही. पशुबळीवरचा आजचा वाद ज्या जागी अडून बसला आहे, तिथून बाहेर पडण्याची वाट या प्रश्नाच्या उत्तरात आहे.

आधी हे समजून घ्यायला हवे की बळी देणारी माणसे मूर्ख नव्हती. १८१७ मध्ये बंगालमध्ये उसळलेली पटकी पुढच्याच वर्षी महाराष्ट्रात पोहोचली. सकाळी शेतावर गेलेला धडधाकट माणूस दुपारी जुलाब-उलट्यांनी आडवा होई आणि दिवस मावळेपर्यंत संपलेला असे. पटकीच्या तीव्र रुग्णाच्या शरीरातून तासाला एक लिटरपर्यंतही पाणी जाऊ शकते. डोळे खोल जातात, बोटांची कातडी सुरकुतते, आवाज बसतो. घरच्यांच्या डोळ्यांदेखत कुणीतरी माणसाला शोषून घेत आहे असेच ते दृश्य असे. जीव शोषणारी शक्ती आहे, तर तिला दुसरा जीव देऊन तृप्त करावे, हा हिशेब त्या काळच्या ज्ञानात बसणारा होता. रक्त वाहून गेले की प्राणी मरतो, म्हणजे जीव रक्तात असतो, हे तर कोणत्याही खाटकाला आणि सुइणीला दिसत होते. जिवाच्या बदल्यात जीव, हा व्यवहार जगातल्या अनेक धर्मांत आढळतो तो याच निरीक्षणातून.

दुसरे असे की हा उपाय लागू पडल्यासारखा दिसे. साथीला स्वतःचा चढ-उतार असतो. रोगजंतू पोहोचू शकतील अशा माणसांपैकी बरीच एकतर आजारी पडून बरी होतात किंवा मरतात. दूषित पाण्याचा साठा संपतो किंवा पावसाने बदलतो. काही लोक गाव सोडून रानात राहायला जातात. साथ ओसरू लागते. गाव बळी देते ते पहिल्या मृत्यूला नव्हे, तर हाहाकार माजल्यावर, म्हणजे साथ कळसाला पोहोचल्यावर. त्यानंतर आठ-पंधरा दिवसांत ती उतरणारच असते. श्रेय रेड्याच्या रक्ताला जाई. साथ न उतरली तर पूजेत काही चुकले, कुणी विटाळ केला, असे कारण सापडे. उपाय कधीच खोटा ठरत नसे.

ही चूक फक्त अडाणी माणसाची नाही. विषाणूजन्य ताप चार-पाच दिवसांत आपोआप उतरतो. तिसऱ्या दिवशी सलाइनची बाटली लावून घेतलेला शिकलेला माणूसही श्रेय बाटलीला देतो. आपोआप बरे होणे आणि उपायाने बरे होणे यांतला फरक एकेका माणसाच्या अनुभवावरून कळत नाही. त्यासाठी उपाय केलेल्या आणि न केलेल्या अनेकांची तुलना करावी लागते. वैद्यकशास्त्रालाही हे बऱ्याच उशिरा उमगले.

पटकीच्या बाबतीत अशी तुलना लंडनमध्ये झाली. १८५४ च्या साथीत डॉ. जॉन स्नो यांनी कोणत्या घरांत मृत्यू झाले आणि त्या घरांत पाणी कुठून येत होते, याची नोंद केली. बोट एका रस्त्यावरच्या हातपंपाकडे गेले. तीस वर्षांनी, १८८४ मध्ये, कलकत्त्यात आलेल्या रॉबर्ट कॉख यांना तिथल्या वस्तीतल्या तळ्याच्या पाण्यात पटकीचा जंतू सापडला. लोक त्याच तळ्यात अंघोळ करत, कपडे धूत आणि तेच पाणी पीत. १९५९ मध्ये कलकत्त्याच्याच डॉ. शंभूनाथ डे यांनी दाखवले की हा जंतू एक विष सोडतो आणि त्या विषामुळे आतड्यातून पाणी बाहेर झरू लागते. शोषून घेणारी शक्ती अखेर सापडली होती. तिला रक्ताशी काही देणेघेणे नव्हते.

उतारा सापडला तोही बंगालमध्येच. १९७१ मध्ये पूर्व पाकिस्तानातून आलेल्या निर्वासितांच्या बनगाव येथील छावणीत पटकी पसरली. सलाइनचा साठा संपत आला. तेव्हा डॉ. दिलीप महालनबीस यांनी मीठ, सोडा आणि ग्लुकोजचे पाणी पिंपांतून पाजायला सुरुवात केली. आतड्यात साखरेबरोबर मीठ आत ओढले जाते आणि मिठामागे पाणी. पटकीचे विष ही वाट बंद करू शकत नाही, हे विज्ञान तोवर माहीत झाले होते. आई, भाऊ, शेजारी अशा कुणीही पाजावे असे हे औषध होते. शेकडा तिसाच्या घरात जाणारे मृत्यू चाराच्या खाली आले. एक लिटर स्वच्छ पाण्यात सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा चमचा मीठ: ज्या रोगासाठी रेडे कापले गेले, त्याचा उतारा प्रत्येक स्वयंपाकघरात होता.

लशीचाही या कथेत वाटा आहे. वारीला निघण्यापूर्वी टोचून घ्यावी लागणारी पटकीची सुई जुन्या पिढीला आठवत असेल. पण त्या काळच्या लशीचे संरक्षण अपुरे आणि थोड्या महिन्यांचे होते. गाडा खऱ्या अर्थाने थांबवला तो नळाने, झाकलेल्या विहिरीने, विहिरीत टाकलेल्या क्लोरीनने आणि मीठ-साखरेच्या पाण्याने. नारूचेही तसेच झाले. नारूवर ना लस होती, ना तो मारणारे औषध. पायऱ्यांच्या विहिरी बंद केल्या, पाणी गाळून प्यायला शिकवले आणि २००० साली भारत नारूमुक्त जाहीर झाला. ज्या रोगाला महाराष्ट्राने ‘देवी’ हेच नाव दिले होते, तो रोग १९८० मध्ये जगातून गेल्याचे जाहीर झाले. भय गेले तिथे भयापोटी केलेले विधीही मावळत गेले. श्रद्धेवर कुणाला हातोडा चालवावा लागला नाही.

या विधींची किंमत मात्र सगळ्यांनी सारखी मोजली नव्हती. मरीआईचे ठाणे बहुधा वेशीजवळ, अस्पृश्य मानलेल्या वस्तीच्या बाजूला असे. बळीची कामे, वेशीवर रक्त शिंपडण्याची आणि गाडा ओढण्याची जोखीम बहुतेक याच जातींकडे. कोपलेल्या देवीशी बोलायचे ते त्यांनी, आणि ज्या विहिरीचे पाणी जरा बरे, तिला मात्र शिवायचे नाही. नवस बोलून पोटचा मुलगा पोतराज म्हणून सोडला जाई. केस वाढवलेला, कमरेला चिंध्यांचा घोळ बांधलेला तो माणूस दारोदार स्वतःच्या अंगावर कोरडे ओढत फिरे. बोकडाचे रक्त एकदा सांडते. पोतराजाचे आयुष्यभर सांडत राही. २० मार्च १९२७ रोजी महाडला डॉ. बाबासाहेब आंबेडकर आणि त्यांच्याबरोबरचे हजारो लोक चवदार तळ्याचे पाणी प्यायले. त्याच परिषदेत मेलेल्या गुरांचे मांस सोडण्याचे आवाहनही झाले. आरोग्याच्या नजरेतून पाहिले तर वेशीवर रक्त शिंपडणाऱ्या समाजाने पाण्यावर हक्क सांगितला, असा तो दिवस होता. पटकीवरचा खरा उपाय तोच होता.

आता आजच्या वादाकडे वळता येईल. पशुबळीवर दोन बाजू ठरलेल्या आहेत. एक म्हणते, बंदी घाला. दुसरी म्हणते, आमच्या श्रद्धेत पडू नका. कायद्याची स्थिती अशी की १९६० च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्याने धर्माच्या रीतीनुसार केलेली पशुहत्या गुन्ह्यातून वगळली आहे. महाराष्ट्राचा २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदा नरबळी आणि अघोरी प्रथांवर आहे, पशुबळीवर नाही. नरबळीच्या बाबतीत दुसरे मत असूच शकत नाही. मानवतमध्ये १९७२ ते १९७४ या काळात मुलींचे आणि बायकांचे जे बळी गेले, ते या महाराष्ट्रातच. त्या कायद्यासाठी झगडणाऱ्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांची २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात हत्या झाली, हेही विसरता येणार नाही.

पशुबळीवरच्या सरसकट बंदीचे काय होते, ते मात्र तमिळनाडूत दिसले. मरीआईशी नाते सांगणारी मारिअम्मन तिथली मोठी ग्रामदेवता. १९५० चा एक बंदी कायदा तिथे पुस्तकात पडून होता. २००३ मध्ये सरकारने त्याची कडक अंमलबजावणी सुरू केली. गावोगावी नाराजी पसरली आणि २००४ मध्ये तो कायदाच रद्द करावा लागला. सुरी काढून घेता येते. ज्या कारणाने ती उचलली, ते कारण हुकमाने जात नाही.

ते कारण काय असते? प्रत्येक बोकडामागे आजार असतो असे नाही. जत्रेतला बोकड किंवा दर्ग्यावरची कंदुरी म्हणजे पुष्कळदा पाहुण्यारावळ्यांना घातलेले जेवण असते. वर्षभर नोकरीसाठी शहरात राहणारी भावंडे त्या निमित्ताने एका पंगतीला बसतात. पण नवसाची भाषा ऐकली तर तिच्यात पुन्हा पुन्हा शरीर येते. मूल होऊ दे. झालेले जगू दे. पोराच्या फिट्स थांबू देत. सुनेला लागलेले झाड उतरू दे. नवऱ्याची दारू सुटू दे. वंध्यत्व, नवजात बाळाचा आजार, अपस्मार, मानसिक विकार, व्यसन: सरकारी दवाखान्यात ज्यांवर उपचार मिळणे आजही अवघड, नेमके तेच विषय देवीपुढे येतात. पटकीसाठी आता कुणी नवस बोलत नाही, कारण पटकीचा उपाय गावात पोहोचला. अपस्मारासाठी बोलतात, कारण त्याची रोजची गोळी आणि ती लिहून देणारा डॉक्टर पोहोचलेला नाही. बळीचा नकाशा काढला तर तो बऱ्याच प्रमाणात आरोग्यसेवेच्या उणिवांचाच नकाशा निघेल.

म्हणून ज्यांना बळी थांबावा असे मनापासून वाटते, त्यांनी देवळासमोर उभे राहण्याइतकाच वेळ प्राथमिक आरोग्य केंद्रासमोर उभे राहायला हवे. तिथे गोळ्या आहेत का, मानसोपचाराचा डॉक्टर महिन्यातून किती दिवस येतो, हे विचारायला हवे. गुजरातमध्ये उनावा येथील मीरा दातार दर्ग्याच्या आवारात मनोरुग्णांसाठी ‘दवा आणि दुवा’ या नावाने उपचार सुरू झाले. दुवा मागायला आलेल्याला दवाही मिळते. मेळघाटात आरोग्य खात्याने भूमकांशी भांडण्याऐवजी त्यांनाच सोबत घेऊन रुग्ण दवाखान्यात आणण्याचे प्रयत्न केले. हे अंधश्रद्धेला शरण जाणे नव्हे. आजारी माणूस आधी जिथे जातो, तिथे जाऊन त्याला गाठणे आहे. डॉक्टरांनीही रुग्णाला हसू नये. ‘नवस बोललात का?’ हा साधा प्रश्न न रागावता विचारला, तर घरात आजार कधीपासून आहे आणि किती पैसे आधीच खर्च झाले आहेत, ते कळते.

जिथे बळी चालूच आहेत, तिथे आरोग्य आणि पशुसंवर्धन खात्यांची जबाबदारी संपत नाही. जत्रेच्या माळावर एका दिवसात शेकडो जनावरे कापली जातात, तेव्हा ती कुणी तपासलेली नसतात, रक्त वाहून न्यायला गटार नसते, हात धुवायला पाणी नसते. शेळ्या-मेंढ्यांतून माणसाला ब्रुसेलोसिस होऊ शकतो. गोचिडांमार्फत पसरणारा आणि बाधित जनावराच्या रक्तातून लागणारा क्रिमियन-काँगो ताप २०११ मध्ये गुजरातेत आढळला. सर्वांत घातक काळपुळी, म्हणजे जनावरांतली फाशी. हा जंतू रक्तात असतो तोवर तसा नाजूक. पण रक्त सांडून त्याला हवा लागली की तो टणक बीजाणूचे रूप घेतो आणि त्या मातीत अनेक वर्षे टिकतो. म्हणून फाशीने मेलेले जनावर फाडू नये, असे पशुवैद्य बजावतात. रोग घालवण्यासाठी सांडलेल्या रक्तातूनच रोग मातीत मुरू शकतो. बळीचे जनावर निर्दोष, धडधाकट असावे, असा दंडक रूढीतच आहे. तो पाळला जातो की नाही, हे पाहायला जत्रेत पशुवैद्य नेमावा. याला कोणत्याही भाविकाची हरकत असण्याचे कारण नाही.

जनावराच्या वेदनेचा प्रश्न उरतोच. तो टाळता येणार नाही. मात्र रविवारी मटणाच्या दुकानापुढे रांग लावणाऱ्याने गावच्या बोकडावर अश्रू ढाळणे पटण्याजोगे नाही. ते सांगण्याचा अधिकार गाडगेबाबांसारख्याला होता. मुलीच्या बारशाला बोकड आणि दारूचा रिवाज मोडून त्यांनी गोड जेवण घातले आणि पुढे जन्मभर कीर्तनांतून पशुबळीविरुद्ध सांगितले. पण त्यांच्या हातात कीर्तनाआधी खराटा असे. दिवसा गाव झाडायचे आणि रात्री त्याच गावाला समजवायचे, हा क्रम लोकांना पटला, कारण बळीच्या बदल्यात काय करायचे, ते त्यांनी आधी करून दाखवलेले असे.

खराट्याचे काम अजून संपलेले नाही. जुलै २०२२ मध्ये मेळघाटातल्या पाचडोंगरी आणि कोयलारी या गावांत उघड्या विहिरीचे दूषित पाणी पिऊन साथ पसरली आणि माणसे दगावली. पटकी संपली हे समाधान किती पातळ आहे, ते या दोन गावांनी दाखवले. महाराष्ट्रात ग्रामपंचायतीच्या पाणीस्रोतांची पाहणी होते आणि धोक्यानुसार लाल, पिवळे किंवा हिरवे कार्ड मिळते. विहिरीत टीसीएल टाकायला जलसुरक्षक नेमलेला असतो. पण टीसीएलचे पोते दमट खोलीत उघडे राहिले की त्यातला क्लोरीन उडून जातो. अशी निर्जीव पूड विहिरीत टाकून वहीत सही केली, तर तोही एक विधीच; रेड्याच्या रक्ताइतकाच निरुपयोगी, आणि त्याहून धोक्याचा, कारण तो विज्ञानाच्या नावाने होतो.

मरीआईचा गाडा थांबला तो शिवेवर पाणी पोहोचल्यावर. पाणी हटले, तर भय परत येईल, आणि भयाबरोबर सुरीही. म्हणून आषाढात देवीच्या पूजेची वर्गणी ठरवायला गाव जमते तेव्हा कुणीतरी उठून एवढे विचारावे: यंदा गावाचे कार्ड कोणत्या रंगाचे आहे, आणि टीसीएलचे पोते कुठे ठेवले आहे?